निकाल लागेपर्यंत बाईसाहेब

नालआत्याला कोर्टात बोलावलं होतं ते फक्त एका घोडीचं वय सांगायला. दात बघायचे, आकडा सांगायचा, सही करायची आणि घरी यायचं. तासाभराच्या बोलीवर ती गेली, आणि संध्याकाळी परत आली ती घोडी घेऊन.

नालआत्या हे काही तिचं खरं नाव नव्हे. खरं नाव होतं, पण ते कागदोपत्रीच. गल्लीतली पोरं तिला नालआत्या म्हणायला लागली आणि पोरांचं ऐकून पोरांचे आईबापही. वय बावन्न, उंची बेताची, मनगटं मात्र पैलवानाने बघत राहावं अशी. बाप नालबंद म्हणून ती नालबंद. सोळा वर्षांची असताना एका सकाळी बापाची कंबर धरली ती धरलीच. दारात चार घोडी खोळंबलेली, घरात तिसरं माणूस नाही. तिने बापाचं चामड्याचं एप्रन स्वतःला दोनदा गुंडाळून बांधलं, पहिल्या घोडीचा मागचा पाय उचलून मांडीवर घेतला, आणि बाप खाटेवरून ओरडत गेला तसतसे खिळे मारत गेली. "त्या दिवशी घोडीने लाथ घातली असती ना, तर मी मुकाट्याने शिवणकाम शिकले असते," असं ती म्हणायची. घोडीने लाथ घातली नाही. झालं, छत्तीस वर्षं निघून गेली.

तो बाप, म्हणजे नाना, आता ऐंशी ओलांडून दारातल्या वेताच्या खुर्चीत बसलेला असे. कान गेले होते, आवाज शाबूत होता. घर दोन खोल्यांचं, पुढे अंगण. अंगणात पत्र्याची शेड, शेडमध्ये ऐरण, भट्टी, पाण्याचं टिपाड, आणि भिंतीवर लहानापासून मोठ्यापर्यंत ओळीने टांगलेले नाल. अंगणाच्या टोकाला घोड्याची एक जागा होती, पण तिथे वर्षानुवर्षं गंजलेली फाटकं आणि मोडक्या जाळ्या पडून होत्या. पूर्वी दिवसाला दहा-दहा घोडी दारात यायची. आता तळ्याकाठच्या फिरायच्या गाड्यांची चार-पाच, लांबच्या एका मळ्यावरची दोन, आणि घोडेस्वारी शिकवणाऱ्या क्लबाची थोडी, एवढीच उरली होती. उरलेल्या वेळात ती लोकांची फाटकं जोडून द्यायची.

तळ्याकाठच्या गाडीवाल्यांपैकी सगळ्यात जुना गाडीवाला नुकताच वारला होता. तीस वर्षांचं गिऱ्हाईक. त्याच्या घोडीचं नाव बाईसाहेब. रंग तपकिरी, कपाळावर पांढरा टिपका, आणि स्वभाव असा की रस्त्यात पाणी साचलं असेल तर बाईसाहेब पाय भिजवणार नाहीत. गाडीतल्या लोकांनी उतरावं आणि वळसा घालून यावं. गाडीवाल्याच्या मागे दोन मुलं. मुलगा बारा वर्षं बापाबरोबर गाडी हाकत आलेला. मुलगी दवाखान्यात नर्स. बाप अंथरुणाला खिळला तेव्हा वर्षभर तिनेच त्याचं सगळं केलं. बापाने शेवटी एका कागदावर लिहिलं, गाडी आणि घोडी मुलीला. मुलगा म्हणाला, "बाबांचा हात तेव्हा थरथरत होता. ही सही त्यांची नाहीच." मुलगी म्हणाली, "हात थरथरत होता म्हणूनच ही सही त्यांची." लहानपणापासूनचं भावाबहिणीचं गूळपीठ एका कागदाने नासलं आणि दोघं कोर्टाची पायरी चढले.

कोर्टात पहिला खोडा पडला तो घोडीच्या वयावरून. भावाच्या अर्जात नऊ, बहिणीच्या अर्जात तेरा. न्यायाधीश बाई मध्यम वयाच्या होत्या, चष्मा नाकाच्या शेंड्यावर ठेवून बघायच्या. त्यांनी विचारलं, "घोडीचं वय ओळखणारं कोणी आहे का?" दोन्ही बाजूंनी एकच नाव आलं. त्या दाव्यात दोघांचं एकमत झालं ते तेवढंच.

नालआत्या कोर्टाच्या मागच्या अंगणात गेली, बाईसाहेबांचं तोंड उघडलं, परत आली आणि म्हणाली, "अकरा."

मग खरा प्रश्न आला. दाव्याचा निकाल लागेपर्यंत घोडी कुणाकडे? बहिणीचं म्हणणं, भाऊ तिला राबवून राबवून मारेल. भावाचं म्हणणं, बहीण तिला विकून मोकळी होईल. दोन्ही वकिलांनी अर्धा तास नमनालाच घालवला. न्यायाधीश बाई ऐकत होत्या, आणि ऐकता ऐकता त्यांची नजर नालआत्यावर गेली.

"तुमच्याकडे जागा आहे का हो?"

नालआत्याला खोटं बोलायची सवय नव्हती. ती म्हणाली, "आहे. पण तिथे फाटकं पडली आहेत."

"हलवता येतील?"

"येतील की."

"मग झालं तर."

अशा रीतीने अंतरिम हुकूम निघाला. निकाल लागेपर्यंत घोडी नालआत्याच्या ताब्यात. परिस्थिती जैसे थे. घोडी विकायची नाही, गावाबाहेर न्यायची नाही, कामाला जुंपायची नाही. दाणावैरणीचा खर्च दोघांनी निम्मा निम्मा. भाऊ रविवारी येऊन घोडीला भेटेल, बहीण गुरुवारी; एका दिवशी दोघांनी यायचं नाही, कारण मागच्या तारखेला व्हरांड्यात त्यांची जुंपली होती. शिवाय महिन्यातून एकदा कोर्टाचा बेलीफ येऊन पाहणी करून जाईल.

ती घोडी घेऊन घरी पोचली तेव्हा नाना दारातच होता. त्याने घोडीकडे बघितलं, पोरीकडे बघितलं. "नाल सरकला का काय हिचा?"

"नाही नाना. राहायला आली आहे."

"किती दिवस?"

"निकाल लागेपर्यंत."

"काय लागेपर्यंत?"

"निकाल."

नाना मोठ्याने हसला. "मग वैरण वर्षाचीच भरून ठेव."

आता एक गोष्ट सांगायला हवी. नालआत्याने आयुष्यात हजारो घोड्यांचे पाय मांडीवर घेतले होते, पण एकही घोडं तिच्याकडे मुक्कामाला राहिलं नव्हतं. यायचं, अर्धा तास उभं राहायचं, टापा वाजवत जायचं. बाईसाहेबांचे चारही खूर ती नऊ वर्षं ओळखत होती. पुढच्या डाव्या खुराला बाहेरच्या अंगाला झीज जास्त, हे ती झोपेतसुद्धा सांगू शकली असती. पण घोडी दुपारी काय करते, हे तिला ठाऊक नव्हतं. आता कळलं. दुपारी बाईसाहेब भिंतीला खांदा टेकवून डुलकी काढायच्या आणि खालचा ओठ सैल सोडायच्या. ऐरणीवरचा घाव ऐकून त्या दचकायच्या नाहीत, घाव थांबला की मात्र मान वळवून बघायच्या, काम का थांबलं म्हणून. चौथ्या दिवशी नालआत्याच्या लक्षात आलं की आपण घोडीशी बोलतो आहोत. भट्टीपुढे छत्तीस वर्षं गप्प बसलेली बाई ती. बोलायला लागली तर थांबेना.

पहिल्या महिन्यात बेलीफ आला. गोल चेहऱ्याचा, कामाला चोख. त्याने पाहणीचा कागद काढला. "घोडी: आहे," असं लिहिलं. "स्थिती: जैसे थे," असं लिहिलं. तो निघाला तसं नालआत्याने त्याला अडवलं.

"खूर वाढलेत. कापायला पाहिजेत. कापू का?"

बेलीफ विचारात पडला. "हुकुमात तसं काही दिसत नाही. जैसे थे म्हणजे जसं आहे तसंच."

"अहो, पण खूर काय हुकूम वाचून थांबतो? महिन्याला बोटभर... बोटभर नाही, पण नखभर तरी वाढतोच. न कापणं म्हणजे जैसे थे, का कापणं म्हणजे जैसे थे?"

बेलीफ नोकरीत बावीस वर्षं काढलेला माणूस. भिंती, कुलपं, शेताचे बांध, दुकानाच्या पाट्या, असल्या वस्तूंवर त्याने जैसे थे लिहिलं होतं. त्या वस्तू बिचाऱ्या होत्या तशा राहायच्या. तो खाली बसला, खुराकडे बघितलं, टोपी काढली, पुन्हा घातली. मग म्हणाला, "मी पाठ फिरवून पाणी पितो. तोवर तुम्ही तुमचं काय ते बघा." तो दोन तांबे पाणी प्यायला.

रविवारी भाऊ यायचा. आडदांड गडी, पण बाईसाहेबांसमोर लोण्याचा गोळा. तासभर खरारा करायचा, बोलायचा नाही, जाताना कपाळावरच्या टिपक्यावर हात ठेवायचा. गाडी बंद म्हणून तो आता दुसऱ्याच्या टेम्पोवर जात होता. गुरुवारी बहीण यायची, ड्युटी संपवून, तशीच पांढऱ्या कपड्यांत. ती घोडीचे डोळे बघायची, हिरड्या बघायची, शेपटीखालीसुद्धा बघायची, पेशंट तपासावा तशी. दोघंही नालआत्याला एकच प्रश्न विचारायचे, वेगवेगळ्या शब्दांत: "तो काय म्हणत होता?" "ती काय बोलली?"

"मी घोडीची ताबेदार आहे," नालआत्या म्हणायची, "निरोपाची नाही."

दोन महिने झाले. एका सकाळी खूर तासताना तिने बाईसाहेबांच्या पोटाला खांदा लावला होता, आणि आतून कुणीतरी तिला ढकललं. ती थांबली. हाताचा पंजा पोटावर पसरून उभी राहिली. पुन्हा ढकललं. गुरांच्या डॉक्टरला बोलावलं. त्याने तपासून सांगितलं, आठ महिने झाले, अजून तीन. उलगडा भावाने केला: वर्षाच्या सुरुवातीला गाडीचं चाक दुरुस्तीला होतं तेव्हा बापाच्या सांगण्यावरून बाईसाहेबांना पंधरा दिवस मळ्यावर चरायला सोडलं होतं. मळ्यावर एक काळा घोडा होता.

भाऊ आनंदाने वेडा व्हायचाच काय तो राहिला. मग एकदम हळू आवाजात म्हणाला, "बहिणीला सांगू नका. तिचा वकील लगेच अर्ज टाकेल."

गुरुवारी बहिणीने ऐकलं, डोळे पुसले आणि म्हणाली, "दादाला कळू देऊ नका हं. त्याचा वकील टपलेलाच आहे."

"त्याला रविवारीच सांगितलंय," नालआत्या म्हणाली. "आणि तूही त्याला सांगायचं नाही असं म्हणशील, हे तेव्हाच कळलं होतं मला."

शिंगरू आलं ते एका रविवारी, नुकतं उजाडलं असताना. भाऊ लवकर आला होता. बाईसाहेब घामाने निथळत होत्या, उठत होत्या, बसत होत्या. डॉक्टर बाहेरगावी. नालआत्याला खुराच्या खालचं सगळं ठाऊक, पण हे काम तिचं नव्हतं. तिने सरळ बहिणीला फोन लावला.

"आज गुरुवार नाहीये आत्या," बहीण म्हणाली. "आज तिथे दादा असेल. कोर्टाचा हुकूम आहे."

"घोडीला वार कळत नाहीत. ये."

वीस मिनिटांत ती आली. भाऊ आणि बहीण पाच महिन्यांनी एका छपराखाली उभे राहिले, पण एकमेकांकडे बघायला सवड कुणाला होती? दोन पाय दिसले, मग नाक, आणि मग एकदम सगळं शिंगरू गवतावर येऊन पडलं. पिशवी फाटली नव्हती. आत काही हलेना. भाऊ जागच्या जागी थिजला. बहिणीने दोन्ही हातांनी पिशवी फाडली, नाकातला चिकटा बोटाने काढला, आणि ओरडली, "दादा, टॉवेल. चोळ. जोरात चोळ, घाबरू नकोस." दादा गुडघ्यावर बसला आणि चोळायला लागला. नालआत्याने शिंगराचं डोकं खाली धरलं. एक, दोन, तीन, किती वेळ गेला कोण जाणे. मग शिंगरू शिंकलं.

शिंक केवढी ती, पण नानालासुद्धा ऐकू गेली, किंवा तो तसं सांगायचा. तो दारातून काठी टेकत आला, गवतावर धडपडणारे ते चार लांबलचक पाय बघितले, आणि भावाच्या खांद्यावर हात ठेवून गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "आजा मेला, नातू झाला!"

"नात आहे नाना," बहीण म्हणाली. आणि ती हसायला लागली, तिला हसताना बघून भाऊ रडायला लागला, आणि त्याचं रडणं बघून ती हसता हसता रडली. नालआत्या चहा टाकायला आत गेली. चहा व्हायला त्या दिवशी नेहमीपेक्षा दुप्पट वेळ लागला.

त्या महिन्याच्या पाहणीला बेलीफ आला, तर एकाच्या जागी दोन. तो कागद हातात धरून पाच मिनिटं उभा राहिला. "स्थिती" या रकान्यात शेवटी त्याने लिहिलं: "जैसे थे, अधिक एक."

हा कागद कोर्टात पोचला आणि घोडं तिथे अडलं. भावाने वकिलाला थांबवायच्या आत वकिलाने अर्ज ठोकून दिला होता की ताबेदाराने जैसे थेचा भंग केला. बहिणीच्या वकिलाने दुसरा अर्ज ठोकला की शिंगरू ही घोडीचीच वाढ, सबब तेही मुलीचं. नालआत्याला समन्स आलं. तिने ठेवणीतली साडी नेसली, पण भट्टीचा धूर काही केसांतून गेला नाही.

पिंजऱ्यात उभं राहिल्यावर न्यायाधीश बाईंनी विचारलं, "काय झालं ते तुमच्या शब्दांत सांगा."

"बाईसाहेबांना शिंगरू झालं," नालआत्या म्हणाली.

शिरस्तेदाराला ठसका लागला. मागच्या बाकावरचे चार वकील खाली वाकून काहीतरी शोधायला लागले. नालआत्याला आपलं काय चुकलं ते कळेना. बेलीफाने कानाशी येऊन सांगितलं तेव्हा ती लाजून लाल झाली. "घोडीचं नावच बाईसाहेब आहे, साहेब."

"कळलं," न्यायाधीश बाई म्हणाल्या. त्यांचा चष्मा थोडा हलत होता. "परिस्थिती जैसे थे ठेवायची असा हुकूम असताना हे कसं झालं?"

"हुकूम पाच महिन्यांपूर्वीचा आहे साहेब. घोडीला अकरा महिने लागतात. तुम्ही माझ्या हातात दोरी दिली तेव्हा ती गाभण होती. मी तिला होती तशीच ठेवली. गाभण होती, गाभणच ठेवली. पुढचं तिचं तिने केलं. मी मध्ये पडले असते, तर हुकूम मोडला असता."

 भावाच्या वकिलाने आपला अर्ज गठ्ठ्याच्या तळाशी सरकवला.

न्यायाधीश बाईंनी लिहायला घेतलं. लिहिता लिहिता त्या म्हणाल्या, "जैसे थे म्हणजे जिवंत होती तशी जिवंत. खूर कापायचे, औषध द्यायचं, हिंडवून आणायचं. जनावर कुलूप लावून ठेवता येत नाही. शिंगरू आईजवळ राहील. आणि पुढच्या वेळी असं काही व्हायचं असेल, तर आधी कळवा."

"तिला सांगून ठेवते," नालआत्या म्हणाली. या वेळी मात्र सगळे उघड हसले.

शिंगराचं नाव नानाने ठेवलं. अंगणात जो येई तो तारखेचंच बोलायचा: तारीख पडली, तारीख पुढे गेली, तारीख लांबली. नानाच्या कानात तेवढा एकच शब्द शिरायचा. त्याला वाटलं, हे शिंगराचंच नाव. तेच पडलं. "तारीख पळाली रे, धरा!" अशी हाक आली की गल्लीतली माणसं फाटकं लावून घ्यायची. बेलीफ एकदा खरोखर घाबरला होता.

खरी तारीखही पळतच होती. कधी वकील आजारी, कधी न्यायाधीश बाई रजेवर, कधी सही तपासणाऱ्याचा अहवाल यायचाच असायचा. पहिलं वर्ष गेलं, दुसरं गेलं. हुकूम अंतरिम होता, पण त्याच्या आधाराने बरंच काही उभं राहिलं. नालआत्याचं अंगण बदललं. गंजलेल्या फाटकांपैकी चांगली निवडून तिने त्यांचं कुंपण केलं. भाऊ रविवारी यायचा, तो आता शनिवारीही येऊन दाणावैरण ठेवून जायचा. बहीण गुरुवारी येताना डबा आणायची आणि निघताना म्हणायची, "थोडं उरलंय, रविवारपर्यंत टिकेल." ते रविवारपर्यंत टिकेल असं असायचंच. तसे ते एकमेकांशी फार बोलत नव्हते. निरोप नानाच्या हाती द्यायचे, आणि नाना ते आपल्या पद्धतीने पोचवायचा. "बहिणीने विचारलंय, तारखेच्या पायाला मलम लावलं का" हा निरोप भावाला "बहिणीने विचारलंय, तुझ्या पायाला मलम लावलं का" असा पोचला. भावाच्या पायाला काहीच झालं नव्हतं. पण बहिणीने आपल्या पायाची चौकशी केली, एवढ्यावर तो आठवडाभर खूश होता, आणि पुढच्या गुरुवारसाठी त्याने तिच्याकरता डझनभर केळी ठेवली.

तिसऱ्या वर्षी बेलीफाने बातमी आणली. अहवाल आला, युक्तिवाद ठरला, महिनाभरात निकाल.

"आणि मग माझ्याकडचा कागद?" नालआत्याने विचारलं.

"तो निकालापुरताच, आत्या. निकाल लागला की अंतरिम हुकूम आपोआप संपतो. ज्याच्या बाजूने लागेल, तो घेऊन जाईल."

हे तिला माहीत नव्हतं असं नाही. पहिल्या दिवसापासून माहीत होतं. पण माहीत असणं वेगळं आणि महिना मोजणं वेगळं. तिने कुणाला काही सांगितलं नाही. खरारा धुऊन ठेवला, दोरी नवी केली, दोघींचे खूर नीट तासले. तारीख आता दोन वर्षांची उमदी घोडी झाली होती, आणि ती नालआत्याच्या पाठीत नाक खुपसून उभी राहायची. एका दुपारी नानाने खुर्चीतून हाक मारली.

"काय करतेयस?"

"नाल ठोकतेय."

"थंड लोखंडावर?"

तिने बघितलं. भट्टी पेटवलेलीच नव्हती.

त्या रविवारी भाऊ आला तेव्हा नानाने त्याला खुर्चीजवळ बोलावलं. "तुझ्या बहिणीला बोलाव."

"आज रविवार आहे नाना."

"मला ऐकू येत नाही," नाना म्हणाला. "बोलाव."

बहीण आली. नालआत्या त्या वेळी क्लबावर गेली होती. नानाने दोघांना समोर बसवलं आणि सांगितलं, "माझ्या पोरीला लोखंडाशी बोलता येतं, माणसांशी बोलता येत नाही. म्हणून मी बोलतो. तुमच्या बापाची घोडी तुमचीच आहे, त्यात वाद नाही. पण ती गेली तर ही परत गप्प होईल. छत्तीस वर्षं मी तिचं गप्प बसणं ऐकलंय. मला एवढं एकच ऐकू येतं." मग त्याने डोळे मिटून घेतले, जणू आपलं काम झालं.

भाऊबहीण शेडमध्ये जाऊन बसले. आधी कोण बोललं यावर पुढे त्यांचं कधीच एकमत झालं नाही. भाऊ म्हणाला, "मला घोडी हवी होती कारण नऊ वर्षं मी तिच्या मागे बसलो. तू विकशील अशी भीती होती." बहीण म्हणाली, "मी कशाला विकेन? मला कागदाची लाज राखायची होती. बाबांनी मला काहीतरी दिलं, हे कुणीतरी मानायला हवं होतं." भाऊ बराच वेळ मातीत काडीने रेघा मारत बसला. मग म्हणाला, "सही त्यांचीच आहे. मला तेव्हाही माहीत होतं." बहिणीने त्याच्या पाठीत एक धपाटा घातला, चांगला सणसणीत, आणि त्याच्या शेजारी बसून राहिली.

निकालाच्या दिवशी नालआत्या दोन्ही घोड्या घेऊन कोर्टाच्या अंगणात आली. दोन दोऱ्या हातात, कुणाला कोणती द्यायची तेवढं ऐकायचं बाकी. आत वकील युक्तिवादाचे गठ्ठे घेऊन तयार. भावाबहिणीने एकच कागद पुढे केला. तडजोड. वकिलांचे चेहरे असे झाले, जणू पंगत मांडली आणि जेवणारेच उठून गेले.

न्यायाधीश बाईंनी मोठ्याने वाचलं. बापाचा कागद खरा, हे भावाला मान्य. गाडी आणि बाईसाहेब बहिणीच्या नावावर. हाकायची भावाने, सकाळच्या वेळी, तीन तासांच्या वर नाही. शिंगरू, म्हणजे तारीख, तिघांच्या मालकीचं: भाऊ, बहीण आणि ताबेदार. दोन्ही जनावरं राहतील ताबेदाराच्या अंगणात, कायमची, रीतसर भाडं देऊन. वार ठरलेले नाहीत. कुणीही केव्हाही यावं.

"तुम्हाला हे मान्य आहे का?" न्यायाधीश बाईंनी नालआत्याला विचारलं.

नालआत्या दारात उभी होती. आतलं नीट ऐकू यावं म्हणून तिने दोऱ्या बेलीफाच्या हातात दिल्या होत्या.

"परत एकदा वाचता का?" ती म्हणाली.

न्यायाधीश बाईंनी परत एकदा वाचलं. या वेळी सावकाश.

दुसऱ्या दिवशी सकाळी भावाने गाडी धुऊन पुसून गल्लीत आणली. बाईसाहेब तीन वर्षांनी गाडीला लागल्या, आणि जणू कालच सोडलं होतं अशा उभ्या राहिल्या. बहिणीने रजा घेतली होती. नानाला दोघांनी उचलून मागच्या गादीवर बसवलं. नालआत्या एप्रन बांधून शेडमध्येच होती. तिचं म्हणणं, कामं पडली आहेत, तुम्ही जाऊन या. बहिणीने एप्रनची गाठ मागून सोडली.

गाडीत चढायला पायरी असते, हे नालआत्याला माहीत होतं. त्या पायऱ्या तिने जोडून दिल्या होत्या. पण चढायचं कसं ते तिला कळेना. कुठला पाय आधी, धरायचं कशाला. शेवटी भावाने वरून हात दिला. एकोणचाळीस वर्षं ती या गाड्यांच्या पुढे वाकून बसली होती; गादीवर बसायची तिची ही पहिलीच खेप. बसल्यावर तिने दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले, परीक्षेला बसलेल्या मुलीसारखे.

गाडी निघाली. तारीख कुंपणाच्या आतून जिवाच्या आकांताने खिंकाळली. गल्लीतली पोरं मागे धावली, नाना प्रत्येक दाराकडे बघून "आम्ही तळ्यावर चाललोय" असं ओरडून सांगत होता. वळणावर आल्यावर नालआत्या पुढे झुकली आणि कान देऊन ऐकायला लागली.

"काय झालं आत्या?" बहिणीने विचारलं. "नाल सैल आहे का?"

"नाही गं," नालआत्या म्हणाली. "चारही टापा सारख्या वाजतायत. इथून किती छान ऐकू येतं."

तळ्याच्या रस्त्यावर पाणी साचलं होतं. बाईसाहेब थांबल्या. सगळे खाली उतरले, हसत हसत वळसा घालून पलीकडे गेले, आणि पुन्हा गाडीत चढले. या वेळी नालआत्याला कुणी हात द्यायची गरज पडली नाही.